खर्च माणशी, मान घरटी

लग्नाच्या बोलणीची बैठक आटोपत आलेली असते. मुला-मुलीची पसंती झालेली असते, देण्याघेण्याचा विषय दोन्ही घरांनी आपण होऊन बाजूला ठेवलेला असतो, तिथीही नक्की झालेली असते. चहाचे कप उचलले जात असताना कोणीतरी सहज विचारते, "आपल्याकडून माणसे किती धरायची?" वरपित्याची शहराच्या मार्केट यार्डात भुसार मालाची तीन पिढ्यांची आडत. ते मनाशी मोजून सांगतात, "कितीही आवरले तरी नऊशेच्या खाली येणार नाही." वधूपित्याचे तालुक्याच्या गावी कापडाचे दुकान. ते क्षणभर थांबतात आणि म्हणतात, "आमची अडीचशे होतील."

तो क्षणभराचा थांबा बैठकीतील सर्वांना ऐकू जातो. आतल्या खोलीत बसलेल्या मुलीलाही जातो.

समाजात आज घरोघर थोड्याफार फरकाने हा प्रसंग घडतो. हुंड्याचे नाव काढण्याची आता सुशिक्षित घरांना लाज वाटते, ही समाधानाची गोष्ट आहे. परंतु पाहुण्यांच्या संख्येविषयी स्पष्ट बोलण्याचाही त्याच घरांना संकोच वाटतो आणि मग जे बैठकीत बोलले गेले नाही ते लग्नानंतर वर्षानुवर्षे बोलले जाते. "त्यांची माणसे नऊशे आणि बिल मात्र निम्मे आमच्या माथी," असे एका घरी म्हटले जाते. "त्यांच्या बाजूच्या खुर्च्या रिकाम्या होत्या," असे दुसऱ्या घरी. ही दोन्ही वाक्ये जिच्या कानांवर पडतात ती एकच व्यक्ती असते. म्हणून हा विषय वरवर हिशोबाचा दिसला, तरी नव्या घरात मुलीचे पहिले पाऊल कोणत्या वातावरणात पडावे याचा तो विषय आहे.

संख्या विषम का होते

दोन घरांची यादी सारखी भरणे हाच खरे तर अपवाद म्हणावा लागेल. एका घरी चार काका, पाच आत्या आणि त्यांचे वाढते परिवार असतात. दुसऱ्या घरी वडील एकुलते एक. एका घराचा व्यवसाय घाऊक, त्यामुळे जिल्ह्याजिल्ह्यांतील व्यापारी, दलाल, वाहतूकदार, शेतकरी अशी शेकडो माणसे रोज पेढीवर येणारी; दुसऱ्याचे किरकोळ दुकान, गिऱ्हाईक पुष्कळ, पण लग्नाला बोलवावे असे घरोब्याचे थोडे. कोणी दोन पिढ्यांपूर्वी राजस्थानातून किंवा कर्नाटकातून येऊन एकट्याने व्यवसाय उभा केलेला असतो. त्याचे भाऊबंद दूर राहिलेले असतात. कोठे वडील हयात नसतात आणि आई व मामा मिळून कार्य पार पाडतात. अशा घराची यादी लहान असते. मात्र त्या घराच्या योग्यतेशी तिचा काही संबंध नसतो.

लग्नाचे गाव हेही मोठे कारण आहे. ज्या गावी लग्न, त्या गावच्या घराची माणसे आपोआप वाढतात. शेजारी, संघातील मंडळी, पाठशाळेतील मुले, बाजारपेठेतील ओळखी, सारे पायी चालत येऊ शकतात. बाहेरगावच्या घराला मात्र प्रत्येक पाहुण्यामागे प्रवासाचा विचार करावा लागतो. एका बसमध्ये पन्नासएक माणसे बसतात. वऱ्हाड तीन बसचे करायचे की चारचे, एवढ्यावरच त्या घराची यादी पुष्कळदा ठरते. तेव्हा "तुमच्याकडून एवढीच माणसे?" असे विचारण्यापूर्वी लग्न आपल्या अंगणात आहे, हे यजमान घराने ध्यानात घेतलेले बरे.

हिशोबाची तीन खाती

व्यापारी घरांना जमाखर्च शिकवावा लागत नाही. दुकानात पै-पैचा ताळा जुळल्याशिवाय वही मिटत नाही, आणि लाखोंचा खर्च असलेले लग्न मात्र "बघू, आपापसात काय ते" या भरवशावर सोडले जाते. पूर्वी प्रश्न नव्हता, कारण बहुतेक घरांत मुलीचा बापच सारे करी. आज पुष्कळ घरे निम्मा-निम्मा खर्च वाटून घेतात. हे पाऊल पुढचेच आहे. पण संख्या विषम असेल तर निम्मा-निम्मा हा हिशोब न्यायाचा राहत नाही. वरील उदाहरणच घेऊन पाहू.

पाहुणे एकूण १,१५०. आचाऱ्याचा दर ताटामागे ७०० रुपये धरला तर जेवणाचा खर्च ८,०५,००० रुपये होतो. कार्यालय, मांडव, रोषणाई, विधी, छायाचित्रे या सर्वांसाठी ६,००,००० रुपये धरू. एकूण खर्च १४,०५,००० रुपये. जुन्या रीतीने हा सारा भार वधूपित्यावर टाकला, तर स्वतःच्या प्रत्येक पाहुण्यामागे त्यांना ५,६२० रुपये पडतात. निम्म्याने वाटला तर प्रत्येकाच्या वाट्याला ७,०२,५०० रुपये येतात. कागदावर समान दिसणाऱ्या या वाटणीत एकाचे पाहुणे २५० आणि दुसऱ्याचे ९०० आहेत.

याच खर्चाची तीन खाती पाडली की चित्र स्वच्छ होते. पहिले खाते सामाईक खर्चाचे: पाहुणे किती का असेनात, जो करावाच लागतो तो. विधी, मांडव, छायाचित्रे, बेताच्या आकाराचे कार्यालय. हा दोघांनी निम्मा-निम्मा करावा. दुसरे खाते माणशी खर्चाचे: जेवण, नाश्ता, मुक्कामाच्या खोल्या. हा ज्याचे पाहुणे त्याने करावा. तिसरे खाते पुष्कळदा नजरेतून सुटते: संख्येमुळे वाढलेल्या खर्चाचे. दोन्हीकडची पाचशे माणसे असती तर लहान कार्यालय पुरले असते. नऊशेंसाठी मोठे घ्यावे लागले. त्या दोन भाड्यांतील फरक, वाढीव खुर्च्या, वाढीव वाढपी हे या खात्यात येते. हा भार मोठ्या यादीच्या घराने उचलावा.

सहा लाखांपैकी असा वाढीव खर्च १,५०,००० रुपये आहे असे धरले, तर सामाईक खर्च ४,५०,००० उरतो आणि प्रत्येकाच्या वाट्याला २,२५,००० येतात. वधूपित्यांचा जेवणखर्च २५० ताटांचा, म्हणजे १,७५,००० रुपये. त्यांचा एकूण वाटा ४,००,००० रुपये झाला. वरपित्यांचे सामाईक २,२५,०००, जेवणाचे ६,३०,००० आणि वाढीव १,५०,००० मिळून १०,०५,००० रुपये. दोन्ही रकमांची बेरीज पुन्हा १४,०५,००० होते, ताळा जुळतो. निम्म्या-निम्म्याच्या तुलनेत वधूपित्यांचे ३,०२,५०० रुपये वाचतात. ही रक्कम कोणी त्यांना सवलत म्हणून दिलेली नाही. ती त्यांच्याकडे निघतच नव्हती.

दरांचे आकडे गावोगाव बदलतील. खाती मात्र हीच राहतील. ही मांडणी बैठकीतच, तिथी ठरण्याच्या दिवशी, एका कागदावर लिहावी. दोन्ही घरांतून एकेक कर्ता माणूस नेमावा. शक्यतो तो वधूपिता किंवा वरपिता नसावा. काका, थोरला भाऊ, मामा असा कोणी असला की किमतीचे बोलणे मोकळेपणाने होते आणि व्याह्यांच्या नात्याला त्याचा स्पर्श होत नाही. कार्यालयाला, आचाऱ्याला, मांडववाल्याला इसार कोणी दिला हे त्याच दिवशी वहीत चढवावे आणि लग्नानंतर आठ दिवसांत हिशोब पुरा करावा. येणे जितके जुने होते तितके ते मागताना जड जाते, हा पेढीवरचा अनुभव सोयरिकीलाही लागू आहे.

एक दक्षता मात्र अवश्य घ्यावी. लग्नाच्या दिवशी दारात माणसे मोजणे, कुपने देणे, "हे कोणाकडचे?" असे वाढप्याने विचारणे, या गोष्टी टाळाव्यात. त्याने पैशाचा ताळा जुळेल, पण आलेल्या माणसाचा अपमान होईल. लग्नाच्या आठ दिवस आधी दोन्ही घरांनी आपापली पक्की संख्या सांगावी आणि तीच हिशोबासाठी धरावी. प्रत्यक्षात दहा-वीस ताटे इकडे-तिकडे झाली तर ती दोघांनी वाटून घ्यावीत आणि विसरून जावीत.

सूर्यास्त आणि चार पंगती

जैन घरच्या लग्नात पाहुण्यांच्या संख्येला आणखी एक मर्यादा असते, ती म्हणजे सूर्यास्ताची. रात्रिभोजनाचा त्याग पाळणाऱ्या घरी जेवण दिवस मावळण्यापूर्वी आटोपले पाहिजे. थंडीत, ऐन लग्नसराईत, आपल्या भागात सूर्य सहाच्या सुमारास मावळतो. एका वेळी तीनशे माणसे जेवतील असे भोजनगृह असेल, तर १,१५० पाहुण्यांच्या चार पंगती होतात. एका पंगतीला चाळीस मिनिटे धरली तरी दोन तास चाळीस मिनिटे लागतात. म्हणजे पहिली पंगत सव्वातीनला बसली तर शेवटची कशीबशी सहाला उठेल. सूर्यास्तापूर्वी दोन घटका, म्हणजे ४८ मिनिटे आधीच पाणी घेऊन मोकळे होणारी वडीलधारी मंडळी असतील, तर सुरुवात अडीचलाच करावी लागेल. गोरज मुहूर्त असेल तर विधीच्या आधी सारे जेवणे उरकावी लागतात आणि ज्यांच्यासाठी पाहुणे आले ते वधू-वर त्या वेळी तयारीच्या खोलीत असतात.

या घाईत मागे कोण राहते? ज्या घराची माणसे थोडी, ती. पहिल्या दोन पंगती गावच्या, म्हणजे मोठ्या यादीच्या पाहुण्यांनी भरतात. दूरवरून आलेले वऱ्हाड सामान लावून, कपडे बदलून येईपर्यंत तिसरी पंगत बसलेली असते. एखाद्या आजींचा चौविहाराचा नियम असतो. चौथ्या पंगतीपर्यंत त्यांची वेळ टळून जाते. त्या कोणालाही काही न बोलता उपवासाने झोपतात. नातीच्या लग्नात आजी न जेवता राहिली, ही गोष्ट मग त्या घरातले कोणी विसरत नाही.

म्हणून पंगतींची वाटणी संख्येच्या प्रमाणात करू नये. नियमाची मंडळी, वृद्ध, लहान मुले आणि बाहेरगावचे पाहुणे ही पहिल्या पंगतीची माणसे. मग ती कोणत्याही बाजूची असोत. यजमान घराच्या तरुणांनी व व्यापारी मित्रांनी शेवटच्या पंगतीला बसावे. शक्य असेल तेथे पंगती दोन्ही घरांच्या माणसांच्या मिसळून बसवाव्यात. वाढायलाही दोन्हीकडची मुले असावीत. एकमेकांच्या ताटात आग्रहाने वाढताना ज्या ओळखी होतात त्या मंचावर नमस्कार करताना होत नाहीत.

अन्नाचा विचार येथे संपत नाही. आचारी किमान ताटांची हमी मागतो. भीतीपोटी संख्या फुगवून सांगितली तर अन्न उरते. आपल्याकडे शिजवलेले अन्न रात्र उलटल्यावर अभक्ष्य मानले जाते, त्यामुळे ते उद्यावर ठेवता येत नाही. दुसऱ्या दिवशी मांडवामागे ओतलेली भाताची रास पाहणे कोणालाही सुखाचे नाही. अहिंसा मानणाऱ्यांना तर नाहीच. उरलेले अन्न त्याच संध्याकाळी कोणत्या वसतिगृहात किंवा अनाथाश्रमात पोहोचवायचे, गाडी कोणाची, जबाबदारी कोणाची, हे आधी ठरवून ठेवावे. त्याहूनही चांगले म्हणजे संख्या खरी सांगावी.

पत्रिका नव्हे, माणसे मोजावीत

संख्येची चूक बहुधा पत्रिकेपासून सुरू होते. "आमच्या तीनशेच पत्रिका आहेत," असे सांगितले जाते; पण पत्रिकेवर "सहकुटुंब सहपरिवार" छापलेले असते. घरटी चार माणसे आली तरी बाराशे होतात. खेड्यात चूलबंद आवतणाची रीत होती. ज्या घरी ते जाई त्या घरी त्या दिवशी चूल पेटत नसे, इतके ते निःसंदिग्ध असे. आजच्या पत्रिकेला तो नेमकेपणा नाही. त्यातून व्हॉट्सअ‍ॅपवर पत्रिका एखाद्या व्यापारी मंडळाच्या गटावर टाकली, की कोणाला बोलावले आणि कोणाला नुसते कळवले, हे बोलावणाऱ्यालाही सांगता येत नाही.

यावर उपाय साधा आहे. यादी नावांची करावी आणि प्रत्येक नावापुढे येणाऱ्या माणसांचा आकडा लिहावा. मग यादीचे पाच भाग पाडावेत: रक्ताचे नातेवाईक, सोयरे, संघ, मंदिर व पाठशाळेची मंडळी, मित्र, शेजारी व दुकानातील माणसे, आणि व्यापारी संबंध. नऊशेंच्या यादीत शेवटचा भागच बहुधा सर्वांत मोठा निघतो. ही माणसे सन्मानाची आहेत, त्यांना वगळावे असे नाही. पण त्यांचा संबंध पेढीशी आहे. त्यांच्यासाठी लग्नानंतर आपल्या गावी स्वतंत्र स्वागत समारंभ करणे सर्वांच्याच सोयीचे ठरते. त्याचा खर्च त्या घराचा, वेळ मोकळी, आणि नव्या सुनेची ओळखही निवांत करून देता येते. लग्नाच्या मांडवात मग चारशे आणि अडीचशे अशी माणसे उरतात. हे अंतर डोळ्यांना खुपत नाही. लहान यादीच्या घरानेही, लग्न दूरच्या गावी असेल तर, आधी आपल्या गावी शेजारी-गिऱ्हाइकांसाठी छोटे स्नेहभोजन ठेवावे. मुलीला लहानाची मोठी होताना पाहिलेली माणसे त्यामुळे वंचित राहत नाहीत.

यादी छाटताना कात्री कोठे चालवू नये हेही सांगितले पाहिजे. आकडा कमी करायचा म्हटला की पहिल्यांदा दुकानातील दिवाणजी, हमाल, घरकामाच्या बाई यांची नावे जातात आणि वर्षातून एकदा भेटणाऱ्या बड्या व्यापाऱ्याचे नाव राहते. तीस वर्षे गल्ल्याची किल्ली ज्याच्याकडे विश्वासाने दिली त्या दिवाणजींचे स्थान नातेवाइकांच्या बरोबरीचे आहे. ते लग्नात नसतील तर मांडवातील हजार माणसांनी ती जागा भरत नाही.

मान घरटी

खर्च माणशी वाटता येतो. मान मात्र माणशी वाटता येत नाही. तो घरटीच द्यावा लागतो. दोन घरे सोयरिकीला बसली की मानाच्या बाबतीत एकास एक, एवढाच हिशोब असतो. खर्चाच्या वाटणीत मोठी यादी असलेले घर जास्त भार उचलते; त्या बदल्यात जास्त अधिकार मिळतो असे त्याने समजू नये. "पैसे आम्ही जास्त भरले," हे वाक्य मंडपात ऐकू आले तर कागदावरचा सारा चोख हिशोब व्यर्थ गेला म्हणून समजावे.

ही समानता छोट्या गोष्टींत दिसते. पत्रिकेवर निमंत्रकांची नावे दोन्हीकडची सारख्या संख्येने असावीत. प्रवेशद्वारी स्वागताला दोन्ही घरांची माणसे जोडीने उभी असावीत, म्हणजे आलेला प्रत्येक पाहुणा दोघांचाही होतो. पुढच्या रांगा नात्याने राखाव्यात. आधी येईल तो बसेल असे केले तर पुढच्या दहा रांगा एकाच घराच्या होतात. डावी बाजू वराची आणि उजवी वधूची अशी विभागणी मुळीच करू नये, कारण त्यात रिकाम्या खुर्च्या मोजायची सोय आपणच करून देतो.

मंचावरील रांगेचा हिशोबही डोळ्यांसमोर ठेवावा. १,१५० पाहुणे चार-चारच्या गटाने भेटायला आले तर २८८ गट होतात. एका गटाला अर्धा मिनिट धरले तरी दोन तास चोवीस मिनिटे जातात. या रांगेत वधूची आत्या, मावशी, तिला कडेवर खेळवणारे चुलत आजोबा कोठेतरी मागे असतात, आणि त्यांची बस सुटायची वेळ होते. सारे वऱ्हाड परतल्यावर छायाचित्रे पाहताना कळते, की मुलीच्या माहेरच्या माणसांचे एकही धड चित्र नाही. रांग सुरू होण्यापूर्वी दोन्ही घरांच्या जवळच्या माणसांची छायाचित्रे, समान वेळ देऊन, काढून घ्यावीत. अर्ध्या तासाचे हे काम आहे. मुलीला ते आयुष्यभर पुरते.

लहान यादीचा संकोच

आतापर्यंतचे बोलणे बहुतांशी मोठ्या यादीच्या घराला उद्देशून झाले. लहान यादीच्या घरालाही दोन शब्द सांगितले पाहिजेत. समोरून नऊशेचा आकडा ऐकल्यावर काही वधूपिते आपलीही यादी फुगवू लागतात. वीस वर्षांत ज्यांचे तोंड पाहिले नाही त्यांचे पत्ते शोधले जातात. गावातील ओळखीच्या-अनोळखी माणसांना गाडी पाठवून आणले जाते. प्रसंगी दुकानाच्या भांडवलातून रक्कम काढली जाते, किंवा कर्ज घेतले जाते. मांडव भरलेला दिसतो. त्यानंतर दिवाळीचा माल भरायला हाती पैसा राहत नाही, आणि हे मुलीला सासरी असताना कोणाकडून तरी कळते.

अडीचशे हा आकडा सांगताना आवाज खाली आणण्याचे कारण नाही. १९५५ चा हिंदू विवाह कायदा जैनांनाही लागू आहे. विवाह कोणत्या विधींनी पूर्ण होतो ते त्यात सांगितले आहे, किती माणसे जेवावीत याविषयी त्यात अक्षरही नाही. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याप्रमाणे विवाह अधिकाऱ्यासमोर वधू-वरांखेरीज तीन साक्षीदार पुरतात. तीनांच्या पुढचा प्रत्येक पाहुणा हा आनंदासाठी आहे, आणि आनंद उसना आणता येत नाही.

त्याचबरोबर लहान यादीच्या घराने मोठ्या यादीकडे संशयाने पाहू नये. नऊशे माणसे म्हणजे नेहमीच बडेजाव असतो असे नाही. व्यापारात ज्याने बोलावले त्याला बोलवावे लागते. वरपित्यांनी पंचवीस वर्षांत शेकडो लग्नांत जेवण घेतलेले असते. त्या आमंत्रणांची परतफेड एकुलत्या मुलाच्या लग्नात करायची नाही तर कधी, असा त्यांचा प्रश्न असतो आणि तो रास्त आहे. हे ऋण त्यांचे आहे आणि ते त्यांनीच फेडायचे आहे, एवढे स्पष्ट झाले की व्याह्यांनी त्या आनंदात मोकळ्या मनाने सहभागी व्हावे.

परंपरेतील आरसा

आपल्या परंपरेत लग्नाच्या पाहुण्यांशी निगडित अशी एक कथा आहे, जी प्रत्येक जैन घरातील मूल ऐकत मोठे होते. बाविसावे तीर्थंकर नेमिनाथ राजुलशी विवाह करण्यासाठी निघाले असता वाटेत त्यांना कोंडलेल्या पशूंचा आक्रोश ऐकू आला. लग्नाला जमलेल्यांच्या भोजनासाठी हे पशू आणले आहेत असे कळताच ते माघारी फिरले आणि गिरनारच्या वाटेला लागले. कथेचा मुख्य आशय वैराग्याचा आहे आणि संसारी माणसाने लग्नच सोडावे असे ती सांगत नाही. पण पाहुण्यांच्या पंगतीची किंमत कोण मोजते, हा प्रश्न वराने विचारला, ही गोष्ट लक्षात राहण्यासारखी आहे. आजच्या शाकाहारी पंगतीत पशू नाहीत; तरी कोणाच्या तरी जिवावर ती उठते आहे का, हे वराच्या घराने विचारण्यात अनुचित काही नाही.

आधुनिक काळातही समाजाने हा प्रश्न टाळलेला नाही. पुण्यात १९८५ साली स्थापन झालेल्या भारतीय जैन संघटनेने सामुदायिक विवाहांचा पुरस्कार केला. सामुदायिक विवाहात एकाच मांडवात अनेक जोडपी उभी राहतात आणि अमुक घराचे किती, तमुक घराचे किती, हा प्रश्नच पुसला जातो. पुढे महामारीने तोच धडा वेगळ्या रीतीने दिला. २०२० मध्ये लग्नाला ५० माणसांची मर्यादा आली; एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्रात ती २५ माणसे आणि दोन तास इतकी खाली आली. दोन्ही घरांना दहा-बारा माणसेच निवडायची होती. अनेक वडीलधाऱ्यांना नातवंडांचे लग्न पडद्यावर पाहावे लागले, याचे दुःख मोठे होते. परंतु त्या निवडीत प्रत्येक घराला आपली अगदी जवळची माणसे कोण हे पुन्हा एकदा कळले, आणि त्या लग्नांत कोणाच्या बाजूने किती, हे कोणी मोजले नाही. ती लग्नेही लग्नेच ठरली. ते संसारही चालले आहेत.

बैठकीतील दुसरे वाक्य

पुन्हा त्या बैठकीकडे वळू. "आमची अडीचशे होतील," असे वधूपिते म्हणाले आहेत आणि खोलीत शांतता आहे. या क्षणी पुढचे वाक्य कोण बोलतो यावर बरेच अवलंबून असते. ते वरपित्यांनी बोलावे, हे उत्तम. जास्त माणसे ज्याची, बोलण्याचा पहिला भार त्याचा. कारण लहान आकड्याच्या घराने हिशोब काढला तर तो कंजूषपणा वाटतो आणि मोठ्या आकड्याच्या घराने काढला तर तो मोठेपणा ठरतो.

फार काही बोलायचे नसते. "शेठजी, माणसे आमची जास्त आहेत, तेव्हा त्यांच्या पानांचा आणि वाढीव जागेचा खर्च आमच्याकडे. विधी-मांडवाचे दोघांनी निम्मे-निम्मे करू. व्यापारातल्या मंडळींचा समारंभ आम्ही आमच्या गावी नंतर ठेवू. आणि आपल्याकडे नियमाची मंडळी कोण कोण आहेत तेवढे आधी सांगून ठेवा, त्यांचे पान पहिल्या पंगतीला." एवढे झाले की कागद पुढे घ्यावा, आकडे मांडावेत आणि दोन्ही घरच्या कर्त्या माणसांनी त्यावर सही करावी.

आतल्या खोलीत हे सारे ऐकू जात असते. ज्या घरी आपण जाणार आहोत तेथे आपल्या आजीच्या जेवणाची वेळ कोणीतरी न सांगता विचारली, हे मुलीला बैठकीतच कळलेले असते. नऊशे आणि अडीचशे हे आकडे ती काही वर्षांनी विसरून जाईल. ही विचारणा मात्र तिच्या लक्षात राहील, आणि सासूबाईंच्या औषधाची वेळ झाली की तिलाही ती कोणाला सांगावी लागणार नाही.